‘ह’ कुणाच्या जागेवर बसलाय?

“बाई, हायसा का वो? जरा भिंतीकडं या की!”

सकाळी साडेदहाला वैनींची हाक आली म्हणजे एकतर पाणी गेलेलं असतं, नाहीतर बातमी आलेली असते. नळ धो धो चालू होता. म्हणजे बातमी.

कोल्हापुरात, राजारामपुरीतल्या आमच्या गल्लीत कंपाउंडच्या भिंती अजून छातीएवढ्याच आहेत. नवीन अपार्टमेंटवाल्यांनी डोक्याच्या वर नेल्या, त्यांच्याकडं आता व्हॉट्सॲपचा ग्रुप आहे. आमचं जुन्या पद्धतीनं चालतं.

“आमच्या धाकटीनं काय खूळ काढलंय कळलं का? जपानला जायचं म्हणतीया.”

“कळलं. कोपऱ्यावरच्या काकूंनी परवाच सांगितलं, भाजीच्या गाड्यापाशी.”

“आत्ता गं बया! म्हणजे गल्लीला परवा आणि आईला काल रात्री? मी तर ऐकूनच गार पडलो. आणि काकू काय म्हणाल्या?”

काकू म्हणाल्या होत्या, एवढं नर्सिंग शिकवलं आणि आता परदेशात म्हातारी माणसं धुवायला पाठवणार. ते मी गिळलं. म्हटलं, “पोरगी हुशार आहे म्हणाल्या.”

वैनींचा विश्वास बसला नाही, पण त्यांना पुढं बोलायचं होतं. पोरगी इथल्याच एका खाजगी दवाखान्यात नर्स. रात्रपाळ्या करून करून डोळ्यांखाली काळं आलेलं, पगार सांगण्यासारखा नाही. तिला कुणीतरी सांगितलं की जपानात वृद्धांची शुश्रूषा करायला माणसं हवी आहेत. त्यासाठी जपाननं २०१९ साली एक वेगळा व्हिसा काढला आणि जानेवारी २०२१ मध्ये भारताशी तसा करारही केला. अट मुख्यतः भाषेची. शुश्रूषेच्या कामाच्या जपानीची एक वेगळी परीक्षा, आणि एकूण जपानीची आणखी एक.

“एन-फोर पास व्हायला पायजे म्हणाली. मला वाटलं हायवेचं काढलं! म्हटलं पुण्याला जायला पास कशाला लागतोय?”

पुणे-बेंगळूर रस्त्याला आम्ही इतकी वर्षं एनएच-फोर म्हणत आलोय, की सरकारनं नंबर बदलून अठ्ठेचाळीस केला तरी तोंडातून चारच जातो. वैनींचा घोटाळा अगदी रास्त होता. आणि पोरीला परीक्षेला खरंच त्याच रस्त्यानं पुण्याला जावं लागणार. ही जपानीची परीक्षा १९८४ पासून जगभर होते, आधी चार पायऱ्या होत्या, २०१० पासून पाच झाल्या. एन-फाइव्ह सगळ्यात खालची, एन-वन सगळ्यात वरची. पुण्यात जपानीचं वेड जुनं. रानडे इन्स्टिट्यूटच्या आवारात विद्यापीठाचे वर्ग, टिळक महाराष्ट्र विद्यापीठात तर पार एम.ए.पर्यंत सोय. पुणेकरांच्या बाबतीत मी सहसा एवढं चांगलं बोलत नाही, पण हे त्यांनी मन लावून केलंय.

“ते असू दे. तुम्ही संस्कृत शिकवलंय म्हणून विचारालोय. ह्यो तक्ता बघा. पोरगी रात्रभर याच्यापुढं मान डोलवत बसतीया. काय कळतंय का बघा तुम्हाला.”

भिंतीवर जास्वंदीची फांदी वाकली आहे, ती बाजूला सारून वैनींनी प्लॅस्टिकच्या कव्हरातला कागद माझ्या हातात दिला. दहा ओळी, प्रत्येकीत पाच घरं. अक्षरं गोलाकार, सुतळीचा गुंता टेबलावर पडावा तशी. पण पोरीनं पेन्सिलीनं प्रत्येकाखाली देवनागरीत उच्चार लिहिला होता. पहिली ओळ वाचली आणि मी चष्मा पुसला. अ, इ, उ, ए, ओ.

“वैनी, ओळींची पहिली अक्षरं तेवढी मोठ्यानं वाचा.”

“अ. क. स. त. न. ह. म. य. र. व.”

“आता आपली म्हणा. क च ट त प, य र ल व.”

वैनींनी म्हटली. मग गप्प झाल्या. मग परत म्हटली, बोटांवर मोजत. “बाई, ही तर आपलीच की! मधली पोरं गळालीत तेवढी.”

अगदी. त्यांना ट-ठ-ड-ढ लागत नाहीत, ते गेले. ख-घ-छ-झ असले फुसफुसणारेही गेले. र आणि ल यांच्यात ते फरक करत नाहीत, म्हणून एकटा र राहिला. ळ तर नावालाही नाही. आणि न् सोडला तर व्यंजनाला स्वराशिवाय उभं राहता येत नाही, त्यामुळं आपलं गाव तिकडं कोरुहापुरु होतं आणि मिसळ मिसारु होते. पण क्रम तोच. घशापासून सुरू करून ओठांपर्यंत यायचं, मग य र व. चच्या जागी त्यांचा स आहे, आणि त्या सचा उच्चार जुन्या काळी च किंवा त्स याच्या जवळचा असावा असं अभ्यासक म्हणतात. म्हणजे तोही आपल्या घरीच.

“सगळं बरोबर आहे, पण ह्यो ह बघा.” वैनींनी तक्त्यावर बोट आपटलं. “आपला ह कुठं असतोय? पार शेवटी, श ष स ह. हितं नच्या आणि मच्या मधी काय करालाय? नच्या पुढं, मच्या अलीकडं कोण पायजे?”

“प.”

“मग ह कुणाच्या जागेवर बसलाय?”

वैनींच्या नवऱ्याचं आणि मागल्या प्लॉटवाल्याचं तीन फुटांवरून गेली कित्येक वर्षं कोर्टात चालू आहे. अतिक्रमण म्हटलं की त्यांचा आवाज चढतो.

मी सांगितलं, की ह हा अतिक्रमणवाला नाही, तो मूळ मालकच आहे, फक्त त्यानं नाव बदललंय. फार जुन्या जपानीत त्या ओळीचा उच्चार प होता. मग ओठ ढिले पडले आणि पचा फ झाला, म्हणजे दिव्यावर फुंकर मारताना निघतो तसला. मग ओठांनी कामच सोडलं आणि ह उरला. तक्ता मात्र ओठ कामावर असतानाच्या हिशोबानं लावलेला, ह झाल्यावर तो कुणी हलवला नाही.

“पुरावा?” वैनी म्हणाल्या. कोर्टाची सवय.

पुरावा तक्त्यातच होता. खालच्या बाजूला छोटी ओळ असते. अक्षराच्या उजव्या खांद्यावर दोन बारीक फटकारे मारले की कचा ग होतो, तचा द होतो. आणि हवर तेच दोन फटकारे मारले की होतो ब! हचा ब कुठल्या न्यायानं होईल? पचा ब होतो, हे आपल्याकडं पहिलीच्या पोरालाही कळतं. आणि फटकाऱ्यांऐवजी गोल टिकली दिली, की तोच ह चक्क प होतो. जुन्या मालकाचं नाव अजून उताऱ्यावर आहे.

“पोरगी म्हणाली, रूल आहे, पाठ करायचा.”

“तिच्या क्लासवाल्यांनी सांगितलं नसेल. दुसरा पुरावा देते. १५१६ सालचा एक कोड्यांचा संग्रह आहे, सम्राट गोनाराच्या नावावरचा. त्यात विचारलंय, की आईला दोनदा भेटतात आणि बापाला एकदाही भेटत नाहीत, असं कोण? उत्तर, ओठ. आता जपानीत आईला म्हणतात ‘हाहा’ आणि बापाला ‘चिची’. आज हाहा म्हणून बघा.”

वैनींनी भिंतीवर हात ठेवून “हाहा” म्हटलं. त्यांच्या पेरूच्या झाडावरचा कावळा उडाला.

“ओठ भेटले का?”

“न्हाई.”

“आता फाफा म्हणा.”

“भेटले की! दोनदा! आणि चिची म्हणताना न्हाईत भेटत.” वैनींना इतका आनंद झाला की त्यांनी घरात बघून नवऱ्याला हाक मारली, “अहो, हितं या!” आणि लगेच मला म्हणाल्या, “नको, त्यांना नको. पोरीनं कालच सांगितलंय, ओसाकाकडं आहो म्हटलं की खुळा म्हटल्यासारखं होतंय. तीस वर्षं मी यांना हाक मारालोय आणि ते ओ देतात.”

आता हा तक्ता तिकडं गेला कसा, ते वैनींनी विचारलं नाही, मीच सांगितलं. तीस वर्षं वर्गावर काढलेल्या माणसाला न विचारता सांगायची खोड असते. जपानकडं स्वतःची लिपी नव्हती. चिनी चिन्हं कोरियातून आली. ती चिनी भाषेच्या मापाची, आणि जपानी भाषा चिनीपेक्षा एकदम निराळी, क्रियापदांना आपल्यासारखे प्रत्यय लावणारी. मग त्यांनी चिन्हांचा अर्थ सोडून नुसता आवाज वापरून लिहिणं सुरू केलं, आठव्या शतकातल्या ‘मान्योशू’ या काव्यसंग्रहात तसं लिखाण आहे. ती चिन्हं लवकर लवकर लिहिता लिहिता झिजली आणि आजची गोल अक्षरं झाली.

दुसऱ्या वाटेनं बौद्ध भिक्षू. बोधिसेन नावाचा एक भारतीय भिक्षू ७३६ साली जपानात पोचला आणि ७५२ मध्ये नारा इथल्या प्रचंड बुद्धमूर्तीचे डोळे उघडायचा विधी त्याच्या हातून झाला. पुढं ८०४ साली कूकाई हा जपानी भिक्षू चीनला गेला, तिथं भारतीय गुरूकडं संस्कृत शिकला आणि सिद्धम् लिपी घेऊन परतला. मंत्र चुकायला नको, म्हणून भिक्षूंनी उच्चारांचा अभ्यास मांडला. म्योकाकु नावाच्या एकानं १०९३ मध्ये त्यावर पुस्तक लिहिलं. आपली अक्षरं संस्कृतच्या चौकटीत बसवून बघताना हा तक्ता तयार झाला. क्रम बराच काळ इकडंतिकडं होत राहिला, पण चौकट तीच. सिद्धम् तर अजून जिवंत आहे. तिकडं थडग्यामागं लाकडी फळ्या उभ्या करतात, त्यांना सोतोबा म्हणतात, म्हणजे आपला स्तूप. त्यांवर आजही बीजाक्षरं लिहितात. लिहिणाऱ्याला ती वाचता येतात, मेलेल्याच्या नातेवाइकांना नाही. आपल्याकडं तरी लग्नाचे मंत्र कुणाला कळतात?

देवही गेले. सरस्वती बेन्झाइतेन झाली, यम एन्मा झाला, लक्ष्मी किचिजोतेन झाली.

“म्हणजे आपली अंबाबाई तिकडं?”

इथं मी विषय बदलला. अंबाबाई लक्ष्मी की आणखी कोण, यावर कोल्हापुरात भिंतीच्या दोन बाजूंना उभं राहून बोलू नये. मैत्री तुटते.

“त्यापेक्षा बायकांचं ऐका,” मी म्हटलं. “पुरुष मंडळी चिनी चिन्हांत लिहायची, तेच पांडित्याचं. ही गोल अक्षरं म्हणजे बायकांचा हात असं म्हणायचे. आणि त्या बायकांच्या हातानंच मुरासाकी शिकिबुनं अकराव्या शतकाच्या सुरुवातीला ‘गेंजी’ची कथा लिहिली. त्या वेळच्या पंडितांचं चिनी लिखाण आज किती लोक वाचतात? त्याच्याही आधीची गंमत सांगते. त्सुरायुकी नावाचा मोठा कवी, तोसा प्रांताचा सुभेदार. ९३५ साली मुदत संपवून राजधानीला परतला. प्रवासाची डायरी लिहायची होती, तीही घरच्या भाषेत. पुरुषानं तसं लिहिणं शोभत नव्हतं. मग त्यानं सुरुवातीलाच आव आणला की लिहिणारी बाई आहे.”

“आणि आम्ही हितं बायका असून मी जातो, मी आलो म्हणतोय!” वैनी खदखदून हसल्या. “पोरगीला पुण्याच्या बाईंनी पहिल्या दिवशी विचारलं म्हणे, तू मुलगी आहेस ना, मग मी आलो काय म्हणतेस?”

त्या पुण्याच्या बाईंना मी ओळखत नाही, पण राग आला. कोल्हापूरच्या बाईचं ‘मी येतो’ ही चूक नाही, ही इथली रीत आहे. वर्गात मी ‘आले’ म्हणायचे आणि घराचा उंबरा ओलांडला की ‘आलो’. बरं, जपानीत क्रियापदाला लिंगच नाही. आला, आली, आलं, सगळ्याला एकच रूप. तिथं बाईपण आणि पुरुषपण ‘मी’ या शब्दात असतं, मुलगे ‘बोकु’ म्हणतात, गडी माणसं ऐटीत ‘ओरे’ म्हणतात, मुली ‘वाताशी’. आमच्या पोरीला जाईल एवढं सोपं आणखी कुणाला जाणार?

एकूणच व्याकरण मराठी माणसाला हलकं जातं. कर्ता, कर्म, क्रियापद शेवटी. नामाच्या मागं चिकटणारे ‘नि’, ‘दे’, ‘नो’ हे आपल्या ला, ने, चा यांच्यासारखे चालतात. आणि प्रश्न विचारायचा तर वाक्याच्या शेवटी ‘का’. येता का, खाता का, तसंच ‘किमास का’, ‘ताबेमास का’. योगायोग आहे, नातं नाही, पण परीक्षेच्या हॉलमध्ये योगायोगही उपयोगी पडतो. अवघड आहे ते चिन्हांचं. नेहमीच्या वापराची म्हणून सरकारनं ठरवलेली चिनी चिन्हं २,१३६. त्यातली १,०२६ तिथली पोरं प्राथमिक शाळेतच शिकतात. आणि एकेका चिन्हाचे उच्चार दोन-दोन, तीन-तीन, एक चीनमधून आलेला, एक घरचा. डोंगराचं चिन्ह एकटं असलं की ‘यामा’, फुजीच्या मागं लागलं की ‘सान’.

“मग एवढं ओझं टाकून का देत न्हाईत?”

तसं सुचवणारे होऊन गेले. माएजिमा हिसोका नावाच्या गृहस्थानं १८६६ मध्ये शोगुनला अर्जच दिला होता, की चिनी चिन्हं बंद करा. झालं नाही. क्रम बदलायलाही त्यांना जड गेलं. वर्णमालेचा तक्ता भिक्षूंकडं होता, पण सामान्य माणूस ‘इ-रो-हा’ने सुरू होणाऱ्या एका जुन्या कवितेच्या क्रमानं अक्षरं शिकायचा. ओत्सुकी फुमिहिको यानं १८८९ ते १८९१ या काळात ‘गेंकाइ’ हा मोठा शब्दकोश काढला, तो अ-इ-उ-ए-ओच्या क्रमानं. तेव्हा फुकुझावा युकिची यांच्यासारख्या सुधारकानंही नाक मुरडलं असं सांगतात, की चपला ठेवायचे बिल्लेसुद्धा इ-रो-हाने लावतात, तिथं हे कसं चालणार? चाललं.

“तुम्ही गोव्याला गेला होता ना मागच्या डिसेंबरात?” मी विचारलं.

“गेलो होतो की. आंबोलीमार्गे. गाडी लागली मला.”

“जुन्या गोव्यात सेंट पॉल कॉलेजची नुसती कमान उरलीय, ती बघितली?”

ती कुणी बघत नाही. सगळे बॉम जेझूत झेवियरचं शव बघून परततात. पण त्या कमानीमागं १५४८ साली एक जपानी माणूस पोर्तुगीज शिकत होता. अंजिरो त्याचं नाव, कागोशिमाचा. तिकडं खून करून पळालेला.

“खून?” वैनी भिंतीला चिकटल्या. “कुणाचा?”

ते मला सांगता आलं नाही, आणि वैनींचा माझ्यावरचा विश्वास तेवढ्यापुरता कमी झाला. तो मलाक्क्यात झेवियरला भेटला, गोव्यात येऊन ख्रिस्ती झाला, आणि त्याच्याकडून जपानची माहिती ऐकून झेवियर १५४९ च्या एप्रिलमध्ये गोव्याहून निघाला आणि ऑगस्टमध्ये कागोशिमाला उतरला. झेवियरनं अंजिरोला विचारलं होतं, की तुम्ही आमच्यासारखं आडवं का लिहीत नाही? अंजिरोनं उलट विचारलं, की माणसाचं डोकं वर आणि पाय खाली असतात, मग तुम्ही वरून खाली का लिहीत नाही? खुनी असो, उत्तर बिनतोड होतं.

पुढं १५८७ मध्ये युरोप बघून परतणारे चार जपानी मुलगे गोव्यात थांबले. त्यांतल्या हारा मार्तिन्योनं तिथं लॅटिनमध्ये भाषण ठोकलं, ते १५८८ साली गोव्यातच छापलंही. त्यांच्याबरोबरचं छापायंत्र १५९० मध्ये जपानला पोचलं. त्यावर पाद्र्यांनी जपानी शिकणाऱ्यांसाठी ‘हेइके’ची युद्धकथा बोलीभाषेत, रोमन अक्षरांत छापली. आणि त्यावर नाव काय घातलं? ‘फेइके’. देशाचं नाव ‘निफोन’. म्हणजे १५९२ पर्यंत हचा फ चालू होता, पाद्र्यांनी कानांनी ऐकून लिहून ठेवलाय.

“तिसरा साक्षीदार,” वैनी म्हणाल्या. “आता दावा पक्का.”

१६०३ मध्ये नागासाकीत त्यांनी बत्तीस हजारांच्या आसपास शब्दांचा जपानी-पोर्तुगीज कोश काढला. आणि या पाद्र्यांच्याच जेझुइट संघाचा थॉमस स्टीफन्स त्याच सुमाराला गोव्यातल्या साष्टीत बसून मराठीत ‘ख्रिस्तपुराण’ लिहीत होता, आणि कोकणीचं व्याकरणही. धर्म वाढवायचा हेतू होता हे खरंच, त्याला मी नावं ठेवीन. पण परक्याची भाषा शिकताना त्यांनी आळस केला नाही.

“जपानी लोक शिकतात का वो आपली?”

“आपल्याला येत नाही एवढी.” मग मी हिरोशी फुकाझावांचं सांगितलं. दख्खनच्या गावगाड्यावर त्यांनी आयुष्य घातलं. बलुतेदार एकेका घराला बांधलेले नव्हते, ते अख्ख्या गावाचे चाकर होते, हे त्यांनी मराठी कागदपत्रांवरून दाखवलं. त्यांचे लेख १९९१ मध्ये पुस्तकरूपानं आले. मग हिरोयुकी कोतानी, त्यांनी वतनं घेतली. अलीकडं मिचिहिरो ओगावा, यांनी इंदापूर परगण्यावर पुण्यात पीएच.डी. केली, मोडीतले दस्त वाचून.

“मोडी? आपली मोडी?”

“आपलीच.”

वैनी एकदम हळू आवाजात बोलायला लागल्या. “बाई, सासूबाईंच्या ट्रंकेत एक बोचकं आहे. वतनाचे कागद. सगळं मोडीत. ह्यांना येत न्हाई, थोरल्या दिरांना येत न्हाई, वकिलाला दाखवलं तर तो उलटं धरून बघत होता. त्यात त्या तीन फुटांचं बी काय असंल का? का आता त्याला जपानहून माणूस बोलवायचा?”

“जपानहून कशाला? पुरालेखागारात जाऊन विचारा, वाचणारे सापडतील. नाहीतर मोडीचे वर्ग कोल्हापुरातच भरतात, तुम्हीच नाव घाला.”

वैनींनी तक्ता माझ्या हातातून परत घेतला, पदरानं त्याच्यावरची जास्वंदीची पिवळी धूळ पुसली आणि विचारलं, “किती महिन्यांचा असतोय कोर्स? आणि त्याला बी एन-फोर असतंय का?”